थँक्सगिव्हिंगच्या टर्कीसाठी ब्रेडचे स्टफिंग: पहिल्यांदा करणाऱ्यांसाठी

अमेरिकेत नव्याने राहायला आलेल्या मराठी घराला थँक्सगिव्हिंगच्या जेवणाचे पहिले बोलावणे येते, तेव्हा ‘आम्ही काय करून आणू?’ असे आपण सवयीने विचारतो आणि उत्तरात पुष्कळदा स्टफिंगचे नाव येते. टर्की यजमानांच्या घरीच भाजली जाते, पाय (pie), म्हणजे जेवणानंतरचा गोड पदार्थ, बहुधा कोणीतरी आधीच कबूल केलेला असतो आणि स्टफिंग मात्र ट्रेमध्ये घालून सहज नेता येते. पदार्थ साधा आहे, साहित्य कोणत्याही किराणा दुकानात मिळते आणि तरीही पहिल्या प्रयत्नात तो बिघडण्याचे प्रमाण बरेच असते, कारण पाककृतीत ‘ब्रेडचे तुकडे’ एवढेच लिहिलेले असते आणि त्या दोन शब्दांमागची सगळी तयारी गृहीत धरलेली असते.

स्टफिंग म्हणजे वाळवलेल्या ब्रेडचे तुकडे, बटरमध्ये परतलेला कांदा आणि सेलरी, सेज व थाइम ही सुगंधी पाने आणि या सगळ्याला ओलावा देऊन बांधून ठेवणारा स्टॉक (मांस-हाडे किंवा भाज्या उकळून गाळलेले पाणी) व अंडी. शिळ्या भाकरीपोळीचे चीज करण्याची जी समज आपल्याकडच्या फोडणीच्या पोळीमागे आहे, तीच येथेही आहे. टर्कीच्या पोटात भरून भाजले तर स्टफिंग आणि वेगळ्या भांड्यात भाजले तर ड्रेसिंग, असा भेद काही जण करतात. व्यवहारात मात्र शब्द प्रदेशाप्रमाणे बदलतो. दक्षिणेकडच्या राज्यांत ड्रेसिंग हाच शब्द रूढ आहे, ईशान्येकडे वेगळ्या ट्रेमधल्यालाही स्टफिंगच म्हणतात आणि पेन्सिल्व्हेनियातल्या जर्मन वंशाच्या घरांत उकडलेला बटाटा घालून केलेल्या अशाच पदार्थाला फिलिंग म्हणतात.

या पदार्थात जपायची मुख्य गोष्ट म्हणजे पाणी. ब्रेडमधले मूळचे पाणी आधी काढून टाकायचे आणि रिकाम्या झालेल्या जागेत चवीचे पाणी, म्हणजे स्टॉक, मोजून भरायचा. ज्याला पोहे भिजवता येतात, कोणते पोहे किती पाणी घेतील याचा हाताला अंदाज आहे, त्याला स्टफिंगचे मर्म निम्मे आधीच कळलेले असते.

दिवस आणि पाहुणे

अमेरिकेत थँक्सगिव्हिंग नोव्हेंबरच्या चौथ्या गुरुवारी असते. १८६३ मध्ये राष्ट्राध्यक्ष अब्राहम लिंकन यांनी नोव्हेंबरचा शेवटचा गुरुवार या दिवसासाठी जाहीर केला होता आणि १९४१ च्या कायद्याने तो चौथा गुरुवार असा पक्का झाला. कॅनडात हाच सण ऑक्टोबरच्या दुसऱ्या सोमवारी येतो. मराठी घरांना या गुरुवारकडे लक्ष ठेवावे लागते, कारण काही वर्षी तो मार्गशीर्षातल्या गुरुवारवर येतो. २०२२ मध्ये २४ नोव्हेंबरला आणि २०२५ मध्ये २७ नोव्हेंबरला थँक्सगिव्हिंग आणि मार्गशीर्षातला पहिला गुरुवार एकाच दिवशी होते. घरी महालक्ष्मीचा घट मांडलेला असताना मांसाहार न करणारे पाहुणे त्या जेवणाला असतील, तर स्टफिंगचा शाकाहारी ट्रे वेगळा करावा लागतो आणि तो आयत्या वेळी होत नाही. म्हणून पाहुण्यांपैकी कोण काय खात नाही, हे आधीच्या आठवड्यातच विचारून घ्यावे. गहू, दूध, अंडी आणि सेलरी यांची कोणाला अ‍ॅलर्जी आहे का, हेही त्याच फोनवर विचारावे.

साहित्य

आठ ते दहा माणसांना पुरेल आणि ९ बाय १३ इंची ट्रेमध्ये मावेल असे प्रमाण असे: ब्रेड सुमारे ५५० ग्रॅम, म्हणजे सव्वा पौंडाच्या आसपास, बटरची एक कांडी, म्हणजे ११३ ग्रॅम, आणि ट्रेला लावायला व वर घालायला थोडे अधिक, मध्यम आकाराचे २ कांदे, सेलरीच्या ४ दांड्या, बारीक चिरलेली ताजी सेजची पाने २ टेबलस्पून किंवा वाळलेली २ टीस्पून, थाइमची ताजी पाने १ टेबलस्पून किंवा वाळलेली १ टीस्पून, चिरलेली पार्सली अर्धा कप, अर्धा टीस्पून ताजी मिरपूड, स्टॉक २ ते अडीच कप आणि अंडी फेटायला आणखी पाव कप, २ अंडी, आणि मीठ, ज्याविषयी पुढे वेगळे सांगितले आहे. येथे कप म्हणजे अमेरिकी मापाचा, २४० मिलिलिटरचा.

सेलरी घालण्याविषयी आपल्याकडच्या अनेकांच्या मनात शंका असते, कारण कच्च्या सेलरीचा वास उग्र वाटतो. बटरमध्ये शिजल्यावर तो उग्रपणा जातो आणि कांद्याच्या गोडीला लागणारी किंचित कडसर बाजू उरते, म्हणून ती वगळू नये. थाइमच्या वासात ओव्याशी जवळीक आहे, कारण दोन्हींत थायमॉल हे एकच सुगंधी द्रव्य असते. थाइम न मिळाल्यास चिमूटभर ओवा हाताने चोळून घातला तर चव बिघडत नाही, असा माझा अनुभव आहे. सेजला मात्र आपल्या स्वयंपाकघरात पर्याय नाही. थँक्सगिव्हिंगच्या दिवशी घरात शिरताच जो वास येतो, त्यातला मोठा वाटा सेजचा असतो. पण तो जास्त झाला की पदार्थ औषधासारखा लागतो, म्हणून दिलेल्या मापापेक्षा अधिक घालण्याचा मोह टाळावा. सेज, थाइम, मार्जोरम, रोझमेरी, मिरी आणि जायफळ असे मिश्रण ‘पोल्ट्री सीझनिंग’ या नावाने छोट्या डबीत तयार मिळते. दोन्ही पाने वेगळी घेणे शक्य नसेल, तर अडीच टीस्पून पोल्ट्री सीझनिंग पुरते.

गरम मसाला, हळद, आले-लसूण घालावे का, हा प्रश्न मला नेहमी विचारला जातो. पहिल्यांदा करताना घालू नये, असे माझे स्पष्ट मत आहे. टर्की, ग्रेव्ही, क्रॅनबेरीचे आंबटगोड सॉस आणि बटाटा हे सगळे एका ताटात स्टफिंगच्या शेजारी येते आणि त्यांच्याशी सेजचे जमते, गरम मसाल्याचे जमत नाही. मूळ चव एकदा नीट ओळखीची झाली, की पुढच्या वर्षी एखादी हिरवी मिरची बारीक चिरून कांद्याबरोबर परतावी. ती चांगली लागते.

पहिली पायरी: ब्रेड वाळवणे

ब्रेड कोणता घ्यावा, यापेक्षा तो कसा वाळवावा हे अधिक महत्त्वाचे आहे, तरी निवडीविषयी थोडे सांगितले पाहिजे. घट्ट पोताचा साधा पांढरा ब्रेड, फ्रेंच किंवा इटालियन लोफ आणि किंचित आंबट चवीचा सॉवरडो हे तिन्ही चांगले. प्लास्टिकच्या पिशवीतला अतिशय मऊ सँडविच ब्रेड भिजल्यावर आकार टिकवत नाही. गोड ब्रेड अजिबात नको. कडा कापून टाकू नयेत, कारण भाजल्यावर त्यांनाच चावायला सर्वांत चांगला पोत येतो.

मंगळवारी ब्रेडचे साधारण पाऊण इंचाचे चौकोनी तुकडे करावेत. सुरीने कापले तर कडा सरळ राहतात. हाताने तोडले तर खडबडीत कडा भाजताना अधिक कुरकुरीत होतात. मी अर्धे कापते आणि अर्धे तोडते. आकाराकडे दुर्लक्ष करू नये. १९७२ मध्ये जनरल फूड्स कंपनीने ‘स्टोव्ह टॉप’ हे झटपट स्टफिंग बाजारात आणले. ते घडवण्यात गृहविज्ञान शिकलेल्या रूथ सीम्स यांचा मोठा वाटा होता आणि त्या पदार्थाच्या पेटंटमध्ये भर होता तो ब्रेडच्या कणांच्या आकारावर. कण फार बारीक असला तर पाणी लागताच सगळ्याचा लगदा होतो आणि फार मोठा असला तर पाणी आतपर्यंत पोहोचत नाही. घरच्या ट्रेलाही हाच नियम लागू आहे.

आता वाळवण्याविषयी. ‘शिळा ब्रेड घ्या’ असे सर्वत्र लिहिलेले असते, पण शिळा होणे आणि वाळणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. ब्रेड शिळा होतो तेव्हा त्यातल्या स्टार्चची रचना बदलते आणि तो कडक, चिवट लागतो; पाणी मात्र बरेचसे आतच असते. असा ब्रेड स्टॉक पुरेसा शोषत नाही. ओव्हनमध्ये मंद आचेवर वाळवला, की पाणी खरोखर बाहेर जाते आणि तुकडा स्पंजासारखा रिकामा होतो. तुकडे दोन मोठ्या ट्रेमध्ये एका थरात पसरावेत, ओव्हन २५० अंश फॅरनहाइटवर, म्हणजे सुमारे १२० अंश सेल्सियसवर ठेवावा आणि ४५ मिनिटे ते एक तास, मधून दोन-तीनदा परतून, वाळू द्यावेत. रंग बदलायला नको. आपल्याला टोस्ट करायचा नाही. ट्रे हलवल्यावर तुकडे एकमेकांवर आपटून खडखडले पाहिजेत. एक तुकडा मधोमध तोडून पाहावा आणि आतल्या भागावर अंगठा दाबावा. तो मऊ लागला तर आणखी दहा मिनिटे ठेवावे. भुगा होऊन बोटाला लागला तर काम झाले. पूर्ण थंड झाल्यावर तुकडे कागदी पिशवीत भरून ठेवले तर गुरुवारपर्यंत उत्तम राहतात.

माझ्या पहिल्या वर्षी मी ही पायरी गाळली होती. ब्रेड पिशवीतून काढला, कापला आणि सरळ स्टॉकमध्ये भिजवला. वरून सोनेरी दिसणाऱ्या त्या ट्रेच्या मधोमध चमचा घातला तेव्हा आत कच्च्या कणकेसारखा गोळा निघाला आणि आणखी अर्धा तास भाजूनही तो सुटला नाही. त्यानंतर ब्रेड वाळवण्याचा तास मी कधीही वाचवलेला नाही.

दुसरी पायरी: स्टॉक

दुकानातला खोक्यातला स्टॉक चालतो, मात्र तो कमी मिठाचा घ्यावा. टर्की स्वतः भाजणार असाल तर घरचा स्टॉक करणे सोपे आहे आणि त्याची चव कितीतरी चांगली येते. टर्कीच्या पोटात किंवा मानेच्या पोकळीत कागदी पिशवीत मान, हृदय, गिझार्ड (पक्ष्याच्या जठराचा स्नायूंचा भाग) आणि काळीज (लिव्हर) ठेवलेले असते. नवख्या माणसाला त्याची कल्पना नसते आणि ती पिशवी टर्कीबरोबरच भाजली जाते. ती काढून घ्यावी, काळीज बाजूला ठेवावे, कारण त्याने स्टॉकला कडवटपणा येतो, आणि बाकीचे तुकडे सहा कप पाण्यात अर्धा कांदा, सेलरीची पाने व चार-पाच मिरीदाणे घालून मंद आचेवर दीड ते दोन तास उकळावेत. गाळून थंड करून फ्रिजमध्ये ठेवावे. हे बुधवारचे काम आहे, पण त्यासाठी टर्की तोपर्यंत वितळलेली असावी लागते. फ्रिजमध्ये गोठलेली टर्की वितळायला दर ४ ते ५ पौंडांना २४ तास लागतात; म्हणजे १२ पौंडांच्या टर्कीला जवळजवळ तीन दिवस. ती रविवारीच फ्रीझरमधून खाली काढावी.

तिसरी पायरी: कांदा आणि सेलरी परतणे

सेलरीच्या बाहेरच्या जाड दांड्यांना लांब धागे असतात. सुरीच्या टोकाने ते वरून खाली ओढून काढले तर खाताना दातांत येत नाहीत. कांदा आणि सेलरी एकसारखी, वाटाण्याएवढी बारीक चिरावी. रुंद पातेल्यात बटर वितळवून दोन्ही एकदम घालावे, अर्धा टीस्पून मीठ टाकावे आणि मध्यमपेक्षा थोड्या कमी आचेवर १० ते १२ मिनिटे परतावे. आपल्याला कांदा तांबूस करण्याची सवय असते. येथे तसे करायचे नाही. कांदा पारदर्शक झाला तरी सेलरी अजून करकरीत असते, म्हणून परीक्षा सेलरीची घ्यावी: चमच्यावर एक तुकडा घेऊन चमच्याच्या कडेने दाबल्यावर तो सहज कापला गेला पाहिजे. शेवटच्या मिनिटात सेज आणि थाइम घालावे. बटरच्या उष्णतेने पानांतले तेल सुटते आणि तो वास पुढे सगळ्या ब्रेडमध्ये मुरतो. वाळलेली पाने वापरत असाल तर ती तळहातावर चोळून घालावीत.

हे मिश्रणही बुधवारी करून फ्रिजमध्ये ठेवता येते. मात्र सुके आणि ओले साहित्य आदल्या रात्री एकत्र करून ठेवू नये. अमेरिकेच्या कृषी खात्याचा सल्ला असा आहे, की स्टफिंगचे सुके आणि ओले भाग वेगळे ठेवावेत आणि भाजण्याच्या अगदी आधी एकत्र करावेत, कारण ओल्या, कच्च्या मिश्रणात जिवाणू वाढायला सोयीची जागा मिळते.

चौथी पायरी: भिजवणे

गुरुवारी ओव्हन ३५० अंश फॅरनहाइटवर, म्हणजे सुमारे १७५ अंश सेल्सियसवर तापत ठेवावा आणि मगच भिजवायला घ्यावे. सर्वांत मोठ्या परातीत ब्रेडचे तुकडे घ्यावेत. त्यावर परतलेले मिश्रण गरम करून ओतावे, पार्सली आणि मिरपूड घालावी आणि प्रत्येक तुकड्याला बटर लागेल असे खालून वर हलवावे. आता कोमट स्टॉक एकदम न ओतता आधी एक कप सगळीकडे शिंपडावा, हलक्या हाताने खालवर करावे आणि पाच मिनिटे थांबावे. मग दुसरा कप घालून पुन्हा पाच मिनिटे थांबावे. हे थांबणे फार महत्त्वाचे आहे, कारण वाळलेला तुकडा बाहेरून लगेच ओला दिसतो आणि आतून कोरडाच असतो. त्या घाईत आणखी स्टॉक ओतला, की दहा मिनिटांनी परातीच्या तळाशी पाणी साचते.

दोन कप झाल्यावर मधला एक तुकडा उचलून दोन बोटांत दाबावा. तो दबला पाहिजे, हळूहळू थोडा फुगून परत यायला पाहिजे आणि बोटे ओलसर झाली तरी थेंब टपकता कामा नये. तोडून पाहिल्यास मधोमध पांढरा कोरडा ठिपका दिसत असेल तर आणखी पाव कप शिंपडावा. ब्रेडप्रमाणे हे माप बदलते. सॉवरडोला बहुतेकदा पूर्ण अडीच कप लागतात, मऊ लोफला दोन कप पुरतात. ज्यांना वरचा थर कुरकुरीत आणि आतला भाग सुटा आवडतो त्यांनी येथेच थांबावे; ज्यांना सगळे मऊ, चमच्याने वाढता येईल असे हवे त्यांनी पाव कप अधिक घालावा.

मीठ याच टप्प्यावर चाखायचे आहे, अंडी घालण्यापूर्वी. ब्रेडमध्ये मीठ असते, स्टॉकमध्ये असते आणि बटरही खारवलेले असू शकते; म्हणून मोजून सांगितलेल्या मिठावर विसंबू नये. ओला तुकडा खाऊन पाहावा आणि जेवणात हवी त्यापेक्षा किंचित कमी खारट चव ठेवावी, कारण वरून ग्रेव्ही येणार असते. आता दोन अंडी पाव कप गार स्टॉकमध्ये चांगली फेटून मिश्रणावर फिरवावीत आणि शेवटचे एकदा हलवावे. अंड्यांमुळे तुकडे एकमेकांना धरून राहतात आणि वाढताना ट्रेमधून सुबक भाग निघतो. परातीत हात जोराने चालवू नये. मळायचे नाही, तुकडे तुकडेच राहिले पाहिजेत.

पाचवी पायरी: भाजणे

ट्रेला बटर लावून मिश्रण त्यात सैलसर भरावे, चमच्याच्या पाठीने थापू नये. वर बटरचे दहा-बारा छोटे तुकडे ठेवावेत. अ‍ॅल्युमिनियम फॉइलने घट्ट झाकून ३० मिनिटे भाजावे. या वेळात वाफ आत कोंडून मिश्रण मधोमध शिजते. मग फॉइल काढून २० ते २५ मिनिटे, वरचे टोकदार कोपरे गडद सोनेरी होईपर्यंत भाजावे. रंगावर निर्णय घेऊ नये. स्वयंपाकघरात एक डिजिटल थर्मामीटर असावा आणि त्याचे टोक ट्रेच्या अगदी मधोमध घालून तेथे १६५ अंश फॅरनहाइट, म्हणजे ७४ अंश सेल्सियस, दिसले पाहिजे. अंडे आणि स्टॉक असलेल्या मिश्रणाला हे तापमान लागते.

ओव्हन एकच असेल तर वेळापत्रक आधी कागदावर लिहून काढावे. टर्की बाहेर काढल्यावर कापण्यापूर्वी तिला अर्धा ते पाऊण तास विसावा द्यावा लागतो आणि ओव्हन तेव्हाच मोकळा होतो. म्हणून झाकलेला ट्रे टर्कीच्या शेवटच्या अर्ध्या तासात खालच्या कप्प्यात घालावा आणि टर्की बाहेर आली, की फॉइल काढून वरच्या कप्प्यात न्यावा. टर्की ३२५ अंशांवर भाजत असाल तर झाकलेल्या ट्रेला दहा मिनिटे जास्त द्यावीत.

दुसऱ्याच्या घरी न्यायचे असेल, तर अर्धवट भाजून नेण्याचा विचार करू नये. तो धोक्याचा आहे. घर जवळ असेल तर पूर्ण भाजून, दुहेरी फॉइल आणि जाड टॉवेलात गुंडाळून, लगेच निघावे. लांब असेल तर आदल्या दिवशी पूर्ण भाजून, लवकर थंड करून फ्रिजमध्ये ठेवावे, बर्फाच्या पेटीतून न्यावे आणि यजमानांना ओव्हनमधली ३०-४० मिनिटे आधीच मागून ठेवावीत. तेथे थोडा स्टॉक शिंपडून, झाकून, पुन्हा १६५ अंशांपर्यंत गरम करावे. काचेचा ट्रे फ्रिजमधून काढून थेट तापलेल्या ओव्हनमध्ये ठेवू नये. तो तडकू शकतो.

टर्कीच्या पोटात भरावे का?

जुन्या पद्धतीने पोटात भरलेल्या स्टफिंगला पक्ष्याचा रस मिळतो आणि त्याची चव खरोखर वेगळी असते, हे मान्य करून मी नवख्या माणसाला वेगळ्या ट्रेचाच सल्ला देईन. कारण असे, की कच्च्या मांसाचा रस ब्रेडमध्ये मुरतो आणि म्हणून टर्कीच्या मांसाइतकेच स्टफिंगच्या मध्यालाही १६५ अंश गाठावे लागतात. उष्णता तेथे सर्वांत शेवटी पोहोचते आणि तोपर्यंत छातीचे मांस कोरडे पडते.

तरीही भरायचेच असेल तर नियम कटाक्षाने पाळावेत. टर्की पूर्ण वितळलेली असावी. मिश्रण ओव्हनमध्ये ठेवण्याच्या अगदी आधी भरावे, आदल्या रात्री कधीही नाही. दर पौंडाला पाऊण कप या हिशेबाने सैल भरावे. १२ पौंडांच्या टर्कीत सुमारे ९ कप मावतात आणि उरलेले ट्रेमध्ये भाजावे. ओव्हन ३२५ अंशांच्या खाली नसावा. १२ ते १४ पौंडांची रिकामी टर्की ३२५ अंशांवर साधारण ३ ते पावणेचार तास घेते, भरलेली साडेतीन ते ४ तास. थर्मामीटर मांडीच्या आतल्या भागात, छातीच्या जाड भागात आणि स्टफिंगच्या मधोमध, अशा तिन्ही ठिकाणी घालावा. मांस शिजले आणि स्टफिंग अजून १६५ अंशांना आले नसेल, तर टर्की पुन्हा ओव्हनमध्ये ठेवावी. बाहेर काढल्यावर २० मिनिटे थांबून सगळे स्टफिंग चमच्याने काढून घ्यावे. आत शिल्लक ठेवू नये. सॉसेज किंवा कालवे घालायची असतील तर ती आधी वेगळी शिजवून मगच मिसळावीत.

शाकाहारी ट्रे

टर्कीच्या पोटातले स्टफिंग शाकाहारी पाहुण्यांना चालणार नाही, हे उघड आहे. पण वेगळ्या ट्रेमध्येही मांसाहार नकळत शिरू शकतो. पाकिटातल्या तयार तुकड्यांच्या मसाल्यात कोंबडीचा अर्क असू शकतो, म्हणून वेष्टनावरची यादी वाचावी. अंडी न खाणाऱ्यांसाठी ब्रेडची यादीही वाचावी, कारण हाला आणि ब्रिऑश या ब्रेडमध्ये सहसा अंडी असतात.

भाज्यांचा स्टॉक घ्यावा आणि बटरमध्ये कांदा-सेलरी घालण्यापूर्वी २०० ग्रॅम मशरूम चांगले तांबूस होईपर्यंत परतून बाजूला काढावेत. मांसाच्या रसाने येणारा भरीवपणा त्यांनी बराचसा भरून निघतो. मूठभर भाजलेले अक्रोड आणि सालासकट चिरलेले एक आंबटसर सफरचंदही छान लागते. अंडी वगळल्यास त्यांच्या ओलाव्याची भरपाई म्हणून स्टॉक सुमारे पाव ते अर्धा कप वाढवावा; भाग सुबक निघणार नाहीत, पण चव उणी पडत नाही. या ट्रेला वेगळा चमचा ठेवावा आणि कोणता ट्रे कोणाचा आहे, हे चिठ्ठीवर लिहावे. ग्रेव्ही टर्कीच्या रसाची असते, हे पाहुण्यांना आपणहून सांगावे.

प्रदेशाप्रदेशाची स्टफिंगे

हा एकच पदार्थ देशभर वेगवेगळा होतो. दक्षिणेत मक्याच्या पिठाचा कॉर्नब्रेड करून, तो कुस्करून ड्रेसिंग करतात. तो गव्हाच्या ब्रेडपेक्षा लवकर विरघळतो, म्हणून त्याला अंडी आवश्यकच असतात, आणि दुकानातला गोड कॉर्नब्रेड त्यासाठी वापरू नये. न्यू इंग्लंडच्या किनाऱ्यावर कालवे घालतात. तेथे १८६७ मध्ये बॉस्टनमध्ये सुरू झालेले बेल्स सीझनिंग हे मसाला-मिश्रण वापरणारी घरे आजही आहेत. मिनेसोटात वाइल्ड राइसचे, सॅन फ्रान्सिस्कोकडे सॉवरडोचे स्टफिंग आवडीने केले जाते. ज्या गावात आपण राहतो, तेथल्या शेजाऱ्यांना त्यांच्या घरची पद्धत विचारावी; माणसे ती फार मनापासून सांगतात.

उरलेले स्टफिंग

जेवण रेंगाळते आणि ट्रे टेबलावरच राहतो, म्हणून घड्याळ पाहावे: ओव्हनमधून निघाल्यापासून दोन तासांच्या आत उरलेले स्टफिंग उथळ डब्यांत भरून फ्रिजमध्ये गेले पाहिजे. ते ३ ते ४ दिवस टिकते आणि प्रत्येक वेळी पुन्हा १६५ अंशांपर्यंत गरम करावे. शुक्रवारी सकाळी त्यात एक अंडे आणि बारीक चिरलेली हिरवी मिरची घालून चपट्या टिक्क्या कराव्यात आणि बिडाच्या तव्यावर थोड्या बटरमध्ये, मध्यम आचेवर, दोन्ही बाजूंनी चांगल्या खरपूस भाजाव्यात. पहिली बाजू तव्यापासून आपोआप सुटेपर्यंत उलथने लावू नये, नाहीतर टिक्की मोडते. सोबत उरलेले क्रॅनबेरीचे सॉस द्यावे.